बधिर चट्टा आणि नोंदवहीतील आकडा

चटका बसताच हात मागे येतो. वेदना ही अशी देहाची राखणदार आहे. परंतु केज तालुक्यातील युसूफ वडगावसारख्या गावचा एखादा ऊसतोड कामगार, पायाला कोयता लागून रक्त आले तरी 'काही कळलंच नाही' म्हणतो, तेव्हा ही राखणदार झोपी गेली आहे असे समजावे.

त्वचेच्या संवेदनेचा बिघाड मुख्यतः चार प्रकारचा असतो: स्पर्श मुळीच न कळणे, कमी कळणे, मुंग्या येणे आणि साधा स्पर्शही न सोसणे. जागतिक आरोग्य संघटनेच्या रोगवर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीत या साऱ्यांना 'आर २०' हा एकच आकडा असून, त्याखाली शून्यापासून तीनपर्यंत पोटक्रमांक आहेत. १८९३ साली जाक बर्तियाँ यांनी मांडलेल्या मृत्यूच्या कारणांच्या यादीतून हे वर्गीकरण वाढत आले. केजची नोंद आणि कोल्हापूरची नोंद एकाच मापाने मोजता यावी, हा त्याचा हेतू.

मात्र 'आर' हा विभाग प्रामुख्याने लक्षणांचा आहे. 'आर २०' हा आकडा काय होते आहे ते सांगतो, का होते आहे ते सांगत नाही. कारणांचे आकडे निराळे. मधुमेहात बधिरता बहुधा दोन्ही पावलांपासून मोजा चढावा तशी वर चढते. मनगटात नस दबली तर अंगठा व शेजारच्या बोटांना रात्री मुंग्या येतात. नागीण बरी झाल्यावरही काहींना त्या पट्ट्यावर सदऱ्याचा स्पर्श सोसवत नाही. ब-१२ जीवनसत्त्वाच्या उणिवेनेही हातपाय बधिर होतात.

आणि 'ए ३०' हा आकडा कुष्ठरोगाचा. त्याचा फिकट वा तांबूस चट्टा सहसा खाजत नाही, दुखत नाही. म्हणूनच माणूस तो अंगावर काढतो. हान्सेन यांनी १८७३ साली या रोगाचा जंतू दाखवून दिला आणि पूर्वजन्मीच्या पापाची कल्पना निराधार ठरली. अमरावतीला डॉ. शिवाजीराव पटवर्धनांनी आणि वरोऱ्याला बाबा आमट्यांनी रोग्यांना आसरा दिला, तेव्हा आजच्यासारखी औषधे नव्हती. आज सहा किंवा बारा महिन्यांचे बहुविध औषधोपचार सरकारी दवाखान्यात मोफत मिळतात. २००५ साली देशात या रोगाचे प्रमाण दहा हजारांत एकाखाली आले. पण नवे रोगी अजूनही सापडतात.

औषधाने जंतू मरतो. मेलेली नस मात्र सहसा परत येत नाही. दिवाळीच्या सुमारास टोळी गाव सोडते आणि पुढचे काही महिने फडात जातात. जाण्यापूर्वी नोंदवहीत नुसता 'आर २०' पडला व पुढे कोणी विचारले नाही, तर परत येईतो बोटे वाकलेली असू शकतात. म्हणून आमचे सांगणे एवढेच: 'आर २०' हा प्रश्न आहे, उत्तर नव्हे. न दुखणारा चट्टा दिसला की तो डॉक्टरांना दाखवावा, आणि कारणाचा आकडा लागेपर्यंत पाठपुरावा सोडू नये.