काळ्या कानांचा शिकारी

जयपूरहून टोंक रस्त्याने रणथंबोरला निघालेल्या पर्यटकाच्या मनात वाघाशिवाय दुसरे काही नसते. पण त्याच रणथंबोरमध्ये वाघापेक्षा कितीतरी दुर्मीळ असे एक मांजर राहते. त्याचे नाव स्याहगोश. शास्त्रज्ञ त्याला कॅरकल म्हणतात.

श्रेबर या जर्मन निसर्गशास्त्रज्ञाने १७७६ मध्ये त्याचे शास्त्रीय वर्णन केले. कानांवरच्या झुपक्यांमुळे तो लिंक्सचा भाऊबंद समजला जाई. जनुकीय अभ्यासातून मात्र त्याचे खरे नातलग आफ्रिकेत सापडले: सर्व्हल आणि आफ्रिकी सोनेरी मांजर. आफ्रिका, अरबस्तान, इराण असा पसरलेला त्याचा मुलूख पूर्वेला भारतात येऊन संपतो.

अंगाचा रंग वाळूसारखा तांबूस, वर ठिपके नाहीत की पट्टे नाहीत. कानांची मागची बाजू काळी आणि टोकाला लांब काळे झुपके. मागचे पाय पुढच्यांपेक्षा लांब, वजन साधारण ८ ते १८ किलो. रानमांजराच्याही कानांना बारीक केस असतात, त्यामुळे ‘स्याहगोश दिसला’ या बातमीतला प्राणी पुष्कळदा रानमांजरच निघतो. अशा वेळी शेपटी पाहावी: रानमांजराच्या शेपटीवर टोकाकडे काळी वलये असतात, स्याहगोशाची शेपटी एकरंगी असते.

स्वभावाने तो एकटा राहणारा, माणसाची चाहूल टाळणारा. उंदीर, ससे, तित्तिर हे त्याचे भक्ष्य. जागच्या जागी सुमारे ३ मीटर उंच उसळी घेऊन तो उडता पक्षी पंजाने खाली पाडतो. या उसळीनेच त्याला दरबारात नेले. फिरोजशाह तुघलकाने स्याहगोशांसाठी वेगळा विभाग ठेवला होता. अकबराच्या आवडीची नोंद ‘आइन-इ-अकबरी’त आहे: पूर्वी सशा-कोल्ह्यावर सोडला जाणारा हा प्राणी आता काळवीटही मारतो, असे अबुल फजल लिहितो. प्रत्येकाला रोज एक शेर मांस आणि स्वतंत्र रखवालदार, रखवालदाराचा पगार महिना १०० दाम. इतका सांभाळ होऊनही त्याची पाळीव जात कधी तयार झाली नाही. शिकवलेले काम तो करी, पण घरातले मांजर झाला नाही.

दरबार गेले आणि स्याहगोश विस्मरणात गेला. धर्मेंद्र खांडल, ईशान धर आणि जी. व्ही. रेड्डी या अभ्यासकांनी २०२० मध्ये जुन्या-नव्या नोंदी एकत्र करून त्याचा नकाशा मांडला. एके काळी १३ राज्यांत, सुमारे ७ लाख ९४ हजार चौरस किलोमीटरवर पसरलेला हा प्राणी २००१ ते २०२० या काळात १६,७०९ चौरस किलोमीटरपुरता उरला. खात्रीचा ठावठिकाणा दोनच ठिकाणी, रणथंबोर आणि कच्छ. २०२५ मध्ये कोट्याजवळच्या मुकुंदरा व्याघ्र प्रकल्पातही त्याचे छायाचित्र मिळाले.

वाघाला जंगल लागते, स्याहगोशाला लागतो उघडा माळ: काटेरी झुडपे, घळी, खडकाळ उतार. सरकारी दप्तरात अशी जमीन पडीक म्हणून नोंदली जाते, म्हणून विकासाचा पहिला घाव तिच्यावर बसतो. चंबळच्या घळी सपाट करून शेती झाली, रस्ते आणि वसाहती वाढल्या. चित्ता आणि माळढोक याच प्रकारच्या प्रदेशातले. त्यातला चित्ता १९५२ मध्ये देशातून नामशेष झाल्याचे जाहीर झाले आणि सोलापूरच्या नान्नजला माळढोकासाठी अभयारण्य असूनही तो पक्षी हातचा जात असल्याचे आपण पाहिलेच आहे.

वन्यजीव कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत स्याहगोश आहेच. २०२१ मध्ये त्याला अतिसंकटग्रस्त प्राण्यांच्या पुनरुज्जीवन कार्यक्रमातही स्थान मिळाले. कागदावर याहून जास्त संरक्षण देता येणार नाही. पण हा कायदा प्राण्याला मारण्यापासून वाचवतो आणि स्याहगोश मरतो आहे तो पायाखालची जमीन गेल्यामुळे. वाघासाठी राखलेल्या जंगलात तो पाहुण्यासारखा तग धरून आहे. त्याला वाचवायचे तर अभयारण्याच्या कुंपणाबाहेरचा माळ पडीक या सदरातून बाहेर काढून अधिवास म्हणून नोंदवावा लागेल. हे काम वनखात्याइतकेच महसूल खात्याचेही आहे.