कपाळावरची निळी पट्टी

आनंद पटवर्धन यांचा ‘जय भीम कॉम्रेड’ हा माहितीपट २०११ मध्ये पूर्ण झाला. त्याचं काम १९९७ पासून चालू होतं. गरिबाची ओळख त्याच्या वर्गावरून ठरते की जातीवरून, हा वाद महाराष्ट्रातल्या लाल आणि निळ्या, म्हणजे डाव्या आणि आंबेडकरी, चळवळींत जुनाच आहे. सुमारे तीन तासांच्या या चित्रपटात तो एका शाहिराच्या मरणापासून सुरू होतो.

विलास घोगरे हे मुलुंडच्या झोपडपट्टीत राहणारे दलित शाहीर. ‘आव्हान नाट्य मंच’ या डाव्या गटातून ते गात. पटवर्धनांच्या ‘हमारा शहर’ (१९८५) या मुंबईतल्या बेघरांवरच्या माहितीपटातही त्यांचा आवाज आहे. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात आंबेडकरांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातलेला आढळला. लोक रस्त्यावर आले, राज्य राखीव पोलीस दलानं गोळीबार केला आणि दहा जणांचा जीव गेला. चार दिवसांनी घोगरेंनी गळफास घेतला. आयुष्यभर कष्टकऱ्यांची गाणी गाणाऱ्या या माणसानं जाताना कपाळाला निळी पट्टी बांधली होती. पटवर्धनांचा शोध तिथून सुरू झाला.

जमाव गॅसचे टँकर पेटवणार होता, हे गोळीबाराचं अधिकृत समर्थन. टँकर तिथून लांब उभे होते, हे चित्रपट दाखवतो. पण पुरावे तपासणारा भाग या चित्रपटाचा निम्माच जीव. उरलेला गाण्यांत आहे. वस्त्यांमधल्या गायन पार्ट्या, जयंतीचे जलसे, ढोलकीवरची भीमगीतं यांतून शाळेबाहेर राहिलेल्या माणसांनी आपला इतिहास सांभाळला, हे इथं कुणी समजावून सांगत नाही, कानांनाच कळतं. चैत्यभूमीवर, म्हणजे आंबेडकरांच्या दादरमधल्या स्मारकाशी, जमणाऱ्या गर्दीबद्दल कुरकुरणारे सुखवस्तू नागरिकही कॅमेऱ्यासमोर बोलतात. त्यांच्या बोलण्यातली सहजता गोळीबाराइतकीच अस्वस्थ करते. उत्तरार्धात पुण्याचा कबीर कला मंच हा गाणाऱ्या कलाकारांचा गट येतो. नक्षलवादी ठरवले गेल्यावर त्याचे कलाकार भूमिगत झाले आणि त्यांतले शीतल साठे, सचिन माळी चित्रपटानंतर, २०१३ मध्ये, विधानभवनासमोर हजर झाले.

छत्रपती संभाजीनगरच्या वाचकाला यातलं बरंच ओळखीचं वाटेल. डॉ. आंबेडकरांनी १९५० मध्ये या शहरात महाविद्यालय काढलं. नागसेनवनातलं मिलिंद ते हेच. मराठवाडा विद्यापीठाला बाबासाहेबांचं नाव द्यायचा ठराव विधिमंडळानं १९७८ मध्ये केला, तेव्हा मराठवाड्यातल्या दलित वस्त्या जाळल्या गेल्या. नामविस्तार व्हायला १४ जानेवारी १९९४ उजाडावं लागलं. जाळणारे सगळेच काही धनदांडगे नव्हते. केवळ वर्गाचं गणित मांडून या दंगलीचा उलगडा होत नाही, आणि घोगरेंच्या निळ्या पट्टीचाही नाही.

पटवर्धन स्वतः सवर्ण घरातले. दलितांची गोष्ट सवर्णानं सांगावी का, हा आक्षेप ‘जय भीम कॉम्रेड’वरही आला. तो रास्त आहे, मात्र त्यामुळे चौदा वर्षांची ही नोंद खोटी ठरत नाही. पुढच्या पिढीत सोमनाथ वाघमारे यांच्यासारखे दलित दिग्दर्शक स्वतःच कॅमेरा हाती घेऊ लागले. २०१७ मध्ये त्यांनी भीमा कोरेगावच्या विजयस्तंभाला दरवर्षी मानवंदना देणाऱ्या लोकांवर माहितीपट केला. नंतर ‘चैत्यभूमी’त त्यांनी ६ डिसेंबरला दादरला येणारा जनसमुदाय टिपला. पटवर्धनांच्या चित्रपटात सुखवस्तूंना खटकलेली गर्दी ती हीच. इथं मात्र ती स्वतःच्या नजरेतून दिसते.