डाग ओळखा, मग औषध करा



उन्हाळा तोंडावर आला की आपल्या हिंगोली जिल्ह्यात हळद काढायची, शिजवायची, वाळवायची गडबड सुरू होते. वसमतच्या हळदीला २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, याचा आपल्याला अभिमान आहे. पण हंगामात आपल्या साड्या आणि लेकरांचे शर्टही पिवळे होतात.

आमच्या गटातल्या एका ताईंनी नातवाच्या शाळेच्या शर्टावरचा असा डाग काढायला बादलीत टीसीएल पावडर कालवली आणि वरून संडास धुवायचं अ‍ॅसिड ओतलं. न्हाणीघरात उग्र वास कोंडला, श्वास घेता येईना. शेजारणीनं ओढून बाहेर काढलं म्हणून निभावलं. त्या दिवशी आम्ही ठरवलं, डागांवर एकदा नीट बोलायचं.

पहिली गोष्ट, सगळ्या डागांना एकच औषध चालत नाही. आधी डाग कशाचा ते ओळखायचं.

हळदीचा डाग. कोरडी हळद सांडली तर आधी कपडा झटका, लगेच पाणी लावून चोळू नका. मग साबण लावा. डाग लालभडक होईल, घाबरू नका. हळदीत चुना कालवला की कुंकवासारखा लाल रंग येतो, तेच इथं होतं, कारण साबणही खारा असतो. कपडा खळबळून काढा आणि ओला असतानाच डागाची बाजू वर करून कडक उन्हात टाका. हळदीचा रंग उजेडात टिकत नाही. एका दिवसात गेला नाही तर दोन-तीन दिवस असंच करा. भाजीचा डाग असेल तर त्यात तेलही असतं, म्हणून आधी भांडी घासायचं लिक्विड चोळा.

रक्ताचा डाग. पाळीच्या डागाबद्दल आपण मोठ्यानं बोलत नाही, म्हणून चुकाही तशाच चालत राहतात. सगळ्यात मोठी चूक म्हणजे गरम पाणी. अंडं उकळलं की आतला बलक घट्ट होतो, तसंच गरम पाण्यानं रक्त कापडात घट्ट बसतं. कपडा गार पाण्यात अर्धा तास भिजवा, मग साबण लावा. आणि तो आडोशाला, दुसऱ्या कपड्याखाली लपवून वाळवू नका. ऊन-वारा लागू द्या. ओलसर कपड्यानं खाज येते, जंतू वाढतात. मुलींनाही हे सांगा. डागाच्या भीतीनं कुणा मुलीची शाळा बुडायला नको.

हट्टी डागासाठी घरचा लेप. मेडिकलमधून हायड्रोजन पेरॉक्साइड आणा. बाटलीवर ६ टक्के किंवा २० व्हॉल्यूम लिहिलं असेल तर त्यात तेवढंच साधं पाणी मिसळा. हे पाणी दोन चमचे, खाण्याचा सोडा एक चमचा, भांड्याचं लिक्विड एक चमचा. प्लास्टिकच्या वाटीत कालवा, धातूच्या भांड्यात नको. डागावर लावून वीस मिनिटं ठेवा, मग भरपूर पाण्यानं धुवा. लिक्विड तेलकटपणा सोडवतं, पेरॉक्साइड रंग मोडतं आणि सोड्यानं त्याला जोर येतो.

हा लेप पांढऱ्या सुती कपड्यासाठी चांगला. रंगीत कपड्याच्या आतल्या कोपऱ्यावर आधी लावून बघा. रेशमी आणि लोकरी कपड्याला लावूच नका. हाताला प्लास्टिकची पिशवी किंवा हातमोजा घाला. लागेल तेवढाच लेप करा. उरलेला बाटलीत भरून झाकण लावलं तर आत वायू साठून बाटली फुटू शकते.

काही जणी सोड्यात लिंबू पिळतात. फेस येतो, बरं वाटतं, पण दोघं एकमेकांचा जोर मारतात. सोडा वेगळा वापरा. लिंबू-मीठ लोखंडाच्या गंजाच्या डागाला राखून ठेवा.

आता हे मात्र पक्कं ध्यानात ठेवा. टीसीएल पावडर किंवा ब्लीच यात अ‍ॅसिड, लिंबू, व्हिनेगर कधीच मिसळायचं नाही. त्यातून क्लोरीन वायू निघतो, तो फुप्फुसाला जाळतो. आपल्या लेपातही ब्लीच किंवा अ‍ॅसिड घालू नका. चुकून असा वास सुटला तर बादली तिथंच सोडा, मोकळ्या हवेत या, खोकला किंवा दम लागला तर १०८ ला फोन करा. आणि असलं कुठलंही औषध थंड पेयाच्या बाटलीत भरून ठेवू नका. लेकरू सरबत समजून पितं.

त्या शर्टाचं काय झालं म्हणाल? साबण लावला, तीन दिवस उन्हात टाकला, डाग गेला. खर्च साबणाच्या वडीचा. आता गटात नवी बाई आली की त्या ताईच तिला आधी विचारतात, "बाई, डाग कशाचा आहे?"