कबुतर इजा न करता कसे धरावे

रेल्वे स्थानकाच्या फलाटावर किंवा देवळाच्या आवारात दाणे टिपणाऱ्या कबुतरांकडे निरखून पाहिल्यास त्यांतील एखादे लंगडत असल्याचे आढळते. त्याच्या पायांना दोरा गुंडाळलेला असतो. एखादे बोट सुजलेले असते किंवा झडून गेलेले असते. कबुतर जमिनीवर चालत अन्न शोधते. चालताना रस्त्यावरील दोरे, केस व पतंगाचा मांजा त्याच्या पायांत अडकतो. हा फास हळूहळू आवळत जातो, रक्तप्रवाह खुंटतो आणि बोट मरते. पॅरिस येथील एका पाहणीचे निष्कर्ष २०१९ साली प्रसिद्ध झाले. ज्या वस्त्यांत केशकर्तनालये अधिक, तेथील कबुतरांच्या बोटांना इजा अधिक, असे तीत दिसून आले.

असा फास कात्रीने सोडविता येतो. परंतु त्यासाठी आधी पक्षी हाती यावा लागतो. तो चुकीच्या रीतीने धरल्यास दोऱ्यापेक्षा धरणाऱ्याचा हातच अधिक घातक ठरतो. म्हणून कबुतर कसे पाहते, कसे उडते आणि कसा श्वास घेते, हे प्रथम समजून घेतले पाहिजे.

कबुतराचे डोळे डोक्याच्या दोन्ही बाजूंस असतात. डोक्यामागील अरुंद पट्टा सोडला, तर त्याला जवळजवळ सर्व दिशांचे दिसते. त्यामुळे मागून झडप घालण्याचा सहसा उपयोग होत नाही. त्याऐवजी काही दिवस ठरावीक वेळी, ठरावीक जागी बसून ज्वारी-बाजरीचे दाणे टाकावेत. पक्षी माणसाला सरावला, की दाणे अगदी जवळ टाकावेत आणि हात संथपणे पुढे न्यावेत.

उडताना कबुतर पायांनी जमिनीला रेटा देते व पंख वर उचलून जोराने खाली मारते. पंख उघडण्यापूर्वीच दोन्ही तळहात वरून हलकेच ठेवून ते अंगाशी मिटलेले राखले, तर पक्ष्याला उडता येत नाही. एकच पंख, शेपटी किंवा पाय धरून त्याला कधीही ओढू नये. पंखांची हाडे हलकी असतात. धडपडीत ती मोडतात. अंगावर हलका पंचा टाकणे, किंवा काठीच्या आधाराने तिरपी ठेवलेली टोपली दोरी ओढून पाडणे, हेही उपाय चालतात. मात्र टोपलीची कड पक्ष्यावर पडणार नाही, याची काळजी घ्यावी. चिकट पदार्थ, फासे आणि राखण न करता लावून ठेवलेली जाळी पूर्णपणे वर्ज्य होत. प्राण्यांना विनाकारण यातना देणे हा १९६० च्या कायद्यानुसार अपराध आहे.

पक्षी हाती आल्यावर खरी कसोटी असते. माणसाच्या छाती व पोट यांमध्ये श्वसनास साहाय्य करणारा स्नायूंचा पडदा असतो. पक्ष्यांना तसा पडदा नसतो. छातीचे हाड खालीवर हलते, तेव्हाच शरीरातील वायुकोशांत हवा जाते-येते. साहजिकच छाती आवळून धरलेले कबुतर नाक-चोच मोकळी असूनही गुदमरते. म्हणून त्याचे शरीर तळहातावर पेलावे, पाय तर्जनी व मध्यमा यांच्यामध्ये मागे घ्यावेत आणि अंगठा पंखांच्या टोकांवर व शेपटीच्या मुळाशी ठेवावा. दुसऱ्या हाताने छातीस केवळ आधार द्यावा. डोक्यावर पातळ सुती कापड टाकल्यास पक्षी लवकर शांत होतो.

दुसऱ्या व्यक्तीने दोरा कोमट पाण्याने भिजवावा आणि बोथट टोकाच्या बारीक कात्रीने त्याचा एकेक वेढा कापावा. तो ओढू नये. दोरा मांसात रुतला असल्यास, रक्त वाहत असल्यास किंवा मांज्याने पंख कापला असल्यास पशुवैद्याकडे न्यावे. नेताना भोके पाडलेल्या पुठ्ठ्याच्या खोक्यात कापड अंथरून पक्ष्याला उबेत व अंधारात ठेवावे. चोचीत पाणी ओतू नये. कबुतर चोच बुडवून पाणी ओढून घेते. ओतलेले पाणी श्वासनलिकेत जाण्याची भीती असते. दिल्लीत लाल किल्ल्यासमोरील जैन मंदिरात पक्ष्यांचे धर्मार्थ रुग्णालय आहे. वाळलेल्या विष्ठेतून रोगजंतू पसरतात. म्हणून नाकातोंडावर कापड बांधावे व नंतर साबणाने हात धुवावेत.

उपचार संपताच पक्षी जेथे धरला तेथेच, शक्यतो त्याच दिवशी, उजेडात सोडावा. कबुतराची मादी बहुधा दोन अंडी घालते. ती उबविण्याचे व पिलांना भरविण्याचे काम नर-मादी दोघेही करतात. एक डांबून राहिल्यास घरट्याचा सारा भार दुसऱ्यावर पडतो.

नायलॉन व तत्सम कृत्रिम धाग्यांच्या मांज्यावर राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाने २०१७ साली देशभर बंदी घातली. पण साध्या सुती दोऱ्याचाही फास बसतो. संक्रांतीनंतर अंगणातील व गच्चीवरील तुटके दोरे गोळा करून त्यांचे बारीक तुकडे करणे कोणत्याही विद्यार्थ्यास जमण्यासारखे आहे. तेवढे झाले, तरी कबुतर धरण्याचे प्रसंग पुष्कळ कमी येतील.