'नष्टनीड'मधील वहिनी

रवीन्द्रनाथांची 'नष्टनीड' ही दीर्घकथा १९०१ मध्ये 'भारती' मासिकातून क्रमशः प्रसिद्ध झाली. पत्नीधर्म आणि अव्यक्त अभिलाषा यांचे द्वंद्व म्हणून ती बहुधा वाचली जाते. हे वाचन अपुरे वाटते. कारण चारुलतेच्या मनात ही दोन टोके बराच काळ वेगळी नसतातच.

तिचा पती भूपती इंग्रजी वृत्तपत्रात बुडालेला सज्जन गृहस्थ. पत्नीकडे त्याचे काहीच मागणे नाही, आणि हीच त्याची उणीव. त्याचा आतेभाऊ अमल मात्र सतत काही ना काही मागत असतो: हाताने विणलेले जोडे, खाऊ, लेखनाला श्रोता. दिराचे हट्ट पुरविणे हे तर भावजयीचे कामच! दीर-भावजयीच्या थट्टेला बंगाली घरात जी मुभा असते ती मराठी वाचकालाही परकी नाही. त्यामुळे चारूची आसक्ती कर्तव्याच्याच वेषात घरभर वावरते; तिचे नाव खुद्द चारूलाही ठाऊक नसते. अमल आपला लेख परस्पर छापून आणतो तेव्हा तिला होणारे दुःख साहित्यिक मत्सराचे नव्हे. दोघांपुरते असलेले जग त्याने चव्हाट्यावर नेलेले असते. हरिभाऊ आपट्यांची यमू आपली कहाणी स्वतः सांगते. चारू कोणालाच काही सांगत नाही.

अमल विवाह करून विलायतेला गेल्यावर मागणारा उरत नाही आणि तो वेष गळून पडतो. त्याचे पत्र येत नाही. तार करण्याची तिची विनंती भूपती सहज टाळतो, म्हणून ती चोरून जबाबी तार करते. उत्तर येते ते नेमके भूपतीच्या हाती. प्रेमाचा उच्चारही नसलेले गुपित येथे क्षेमकुशलाच्या तारेने, म्हणजे पुन्हा एका कौटुंबिक उपचारानेच, फुटते.

सत्यजित राय यांच्या 'चारुलता' (१९६४) या चित्रपटाच्या शेवटी पतिपत्नींचे पुढे झालेले हात स्थिर चित्रात अडतात. मूळ कथा अधिक कठोर आहे. भूपती वृत्तपत्राच्या कामासाठी म्हैसूरला निघतो. मलाही न्या, असे चारू विनविते, तो कचरतो. मग तिची अवस्था पाहून तो होकार देतो, आणि आता तीच नकार देते. केवळ कर्तव्य म्हणून दिलेली सोबत कशी असते हे तिला नेमके ठाऊक आहे. अमल गेल्यापासून तीच ती भूपतीला देत आली होती.