हयात रचनाकारांचा कैवारी : सर्गेई कुसेव्हित्स्की

१९४३ साली न्यूयॉर्कच्या एका इस्पितळात बेला बार्टोक अंथरुणाला खिळला होता. वजन जेमतेम ४० किलोवर आलेले, ताप हटत नव्हता आणि दुखणे नेमके काय, हे डॉक्टरांनाही धड उमगत नव्हते. हंगेरी सोडून अमेरिकेत आल्याला तीन वर्षे होत आली होती. त्याच्या रचना फारशा कुणी वाजवत नव्हते आणि नवे लिहिणे जवळजवळ थांबले होते. त्यात माणूस मानी. मदत म्हणून पुढे केलेला पैसा तो घेणार नाही, हे जवळच्यांना ठाऊक होते. म्हणून व्हायोलिनवादक जोझेफ सिगेटी आणि कंडक्टर फ्रिट्झ रायनर या दोन हंगेरियन मित्रांनी त्याला पत्ता लागू न देता बोस्टनला शब्द टाकला.

मग एके दिवशी बोस्टन सिंफनी ऑर्केस्ट्राचा प्रमुख कंडक्टर सर्गेई कुसेव्हित्स्की त्या खोलीत येऊन बसला. ऑर्केस्ट्रासाठी एक रचना हवी आहे, मानधन १००० डॉलर, त्यातले निम्मे आताच, असे त्याने सांगितले. बार्टोकने नकार दिला. आपल्या हातून काम पुरे होईल याची त्याला खात्री वाटत नव्हती आणि न केलेल्या कामाचे पैसे त्याला नको होते. पाहुणा हटला नाही. रक्कम मंजूर झालेली आहे, आता ती मागे घेता येत नाही, असे म्हणून तो निम्मे पैसे ठेवूनच निघाला. त्याच वर्षी १५ ऑगस्ट ते ८ ऑक्टोबर या काळात सारानॅक लेक या डोंगरातल्या गावी बार्टोकने ‘कॉन्चेर्टो फॉर ऑर्केस्ट्रा’ लिहून काढला. १ डिसेंबर १९४४ रोजी बोस्टनमध्ये तो पहिल्यांदा वाजला, तेव्हा डॉक्टरांनी नाखुशीने दिलेली परवानगी घेऊन बार्टोक ऐकायला गेला होता. पुढच्या सप्टेंबरात तो वारला. विसाव्या शतकातल्या सिंफनी संगीतात याहून जास्त वाजणाऱ्या रचना थोड्याच असतील.

कुसेव्हित्स्कीवर लिहायला बसले की बहुतेक जण त्याच्या बोस्टनमधल्या २५ वर्षांपासून सुरुवात करतात. मला मात्र त्याचे मोठेपण त्या इस्पितळातल्या खोलीत जास्त दिसते. तो ज्या काळात वाढला, त्या काळात युरोप-अमेरिकेतले मैफलींचे सभागृह म्हणजे दिवंगतांचे राज्य होते. बेथोव्हेन, ब्राम्स, वॅग्नर यांच्यावरच हंगाम उभे राहत. हयात माणसाची रचना कार्यक्रमात आली तर उपकार केल्यासारखी येई. या माणसाने आयुष्यभर उलट वागून दाखवले. त्यासाठी लागणारा पैसा, अधिकार आणि हट्ट त्याने कुठून मिळवला, हे समजून घेण्यासारखे आहे.

मॉस्को आणि सेंट पीटर्सबर्गच्या मधोमध, त्व्हेर प्रांतात व्हिश्नी व्होलोचोक नावाचे छोटे शहर आहे. तिथे १८७४ साली एका गरीब ज्यू वाजंत्री कुटुंबात त्याचा जन्म झाला. चौदाव्या वर्षी तो शिकायला मॉस्कोत आला. त्या काळी ज्यूंना मॉस्कोत राहायची परवानगी नव्हती, त्यामुळे त्याने बाप्तिस्मा घेतला. मॉस्को फिलहार्मोनिक सोसायटीच्या विद्यालयात ज्या थोड्या वाद्यांसाठी शिष्यवृत्ती होती, त्यांत डबल बास होता, म्हणून तो डबल बासकडे वळला. व्हायोलिनच्या घराण्यातले हे सर्वांत मोठे, माणसाहून उंच वाद्य. ऑर्केस्ट्रात ते मागे उभे राहून खर्ज सांभाळते, एकल वादनासाठी त्याला कुणी बोलावत नाही. कुसेव्हित्स्कीने त्यावरच एकल वादक म्हणून नाव कमावले. १८९४ मध्ये बोल्शॉय थिएटरच्या ऑर्केस्ट्रात शिरला आणि १९०१ मध्ये आपले गुरू रामबौसेक यांच्या जागी प्रमुख वादक झाला. वादकांना वाजवण्याजोगे या वाद्यासाठी फारसे काही नव्हते, तेव्हा त्याने स्वतःच एक कॉन्चेर्टो रचला. डबल बासचे विद्यार्थी आजही तो वाजवतात.

१९०५ साली त्याने नताली उश्कोवाशी लग्न केले. हे त्याचे दुसरे लग्न. चहाच्या व्यापारात गडगंज झालेल्या उश्कोव्ह घराण्याची ती मुलगी. दोघे बर्लिनला गेले. नोकरी सुटली, पोटाची चिंता मिटली. आर्थर निकिश हा त्या काळचा सर्वांत नावाजलेला कंडक्टर. त्याला मैफलींत डोळ्यांत तेल घालून पाहायचे आणि घरी पैसे देऊन बोलावलेल्या विद्यार्थी-वादकांपुढे हात चालवून बघायचे, अशी त्याची कंडक्टिंगची शाळा. जानेवारी १९०८ मध्ये त्याने सरळ बर्लिन फिलहार्मोनिक भाड्याने घेतली आणि वयाच्या तेहतिसाव्या वर्षी कंडक्टर म्हणून उभा राहिला. पियानोवर होता रखमानिनोव्ह, स्वतःचाच दुसरा कॉन्चेर्टो घेऊन.

सासरच्या पैशावर मंचावर चढलेला माणूस म्हणून त्याची हेटाळणी झाली आणि त्यात तथ्यही होते. पण त्या पैशाचे पुढे काय झाले, तेही पाहायला हवे. १९०९ मध्ये नवरा-बायकोने बर्लिनमध्ये रशियन संगीताची प्रकाशनसंस्था काढली. रशिया बर्न कराराबाहेर होता, त्यामुळे तिथे छापलेल्या रचनेला परदेशात कायद्याचे संरक्षण नव्हते. कुणीही छापावे, कुणीही वाजवावे, रचनाकाराच्या हाती काही नाही. बर्लिनमध्ये छापले की हक्क शाबूत राहत. निवड करणाऱ्या मंडळात रखमानिनोव्ह आणि स्क्रियाबिन यांच्यासारखे रचनाकारच होते आणि नफा लेखकांच्या पदरात पडावा असा संस्थेचा हेतू होता. स्ट्राविन्स्कीची ‘पेत्रुश्का’ आणि ‘राइट ऑफ स्प्रिंग’ ही याच संस्थेची प्रकाशने.

मॉस्कोत त्याने स्वतःची ऑर्केस्ट्राही उभी केली. १९१०, १९१२ आणि १९१४ अशा तीन उन्हाळ्यांत आगबोट भाड्याने घेऊन ही सगळी ऑर्केस्ट्रा व्होल्गा नदीतून निघाली. ज्या काठच्या शहरांनी सिंफनी कधी ऐकली नव्हती, तिथे बोट लागायची आणि मैफल व्हायची. पहिल्या फेरीत स्क्रियाबिन सोबत होता, आपला पियानो कॉन्चेर्टो गावोगाव वाजवत. जर्मन चित्रकार रॉबर्ट स्टेर्लही बरोबर होता. या प्रवासातली त्याची चित्रे आजही पाहायला मिळतात. पुढच्याच वर्षी स्क्रियाबिनचा ‘प्रोमिथियस’ मॉस्कोत कुसेव्हित्स्कीने पहिल्यांदा सादर केला आणि त्यानंतर पैशावरून दोघांचे कायमचे बिनसले. त्याच्याशी रचनाकारांचे असे खटके पुष्कळ उडाले. १९२१ मध्ये लंडनला स्ट्राविन्स्कीची सुषिर वाद्यांसाठीची रचना त्याने पहिल्यांदा वाजवली, ती इतकी फसली की स्ट्राविन्स्कीने जाहीर नापसंती दाखवली. तरीही नवी रचना त्याच्याकडे जायची आणि तोही ती घ्यायचा.

क्रांतीनंतर तीनेक वर्षे पेत्रोग्राडच्या सरकारी ऑर्केस्ट्राचे काम पाहून १९२० साली त्याने रशिया सोडला, तो कायमचा. पॅरिसमध्ये स्वतःच्या नावाच्या मैफली सुरू केल्या. मुसोर्ग्स्कीची ‘पिक्चर्स अ‍ॅट अ‍ॅन एक्झिबिशन’ ही पियानोरचना कुसेव्हित्स्कीच्याच जन्मवर्षातली. ती ऑर्केस्ट्रासाठी बांधायचे काम त्याने रॅव्हेलला दिले आणि १९ ऑक्टोबर १९२२ रोजी पॅरिसच्या ऑपेरागृहात ती वाजवली. आज हे संगीत जगभर ऐकू येते ते बहुतांशी रॅव्हेलच्या या रूपात.

१९२४ मध्ये बोस्टनने त्याला बोलावले. इथे त्याच्या उणिवांबद्दल स्पष्ट बोलायला हवे. छापील स्वरलिपीचे पान नजरेने वाचून सगळी वाद्ये मनात ऐकू येणे, हे कंडक्टरचे मूळ कसब. ते त्याच्याकडे कच्चे होते. निकोलस स्लोनिम्स्की हा त्याचा देशबांधव पॅरिसपासून त्याच्या पदरी होता. त्याने आठवणींत लिहून ठेवले आहे की घरी तो पियानोवर संपूर्ण ऑर्केस्ट्राचे संगीत वाजवायचा आणि समोर उभा राहून कुसेव्हित्स्की कल्पनेतल्या वादकांना इशारे देत सराव करायचा. ‘राइट ऑफ स्प्रिंग’च्या शेवटच्या यज्ञनृत्यात जवळपास दर मापाला मात्रा बदलतात. कुठे सोळाव्या हिश्शाच्या तीन, लगेच पाच, मग दोन. कुसेव्हित्स्कीचा हात तिथे अडायचा. स्लोनिम्स्कीने छोटी मापे एकत्र जोडून मापांच्या रेषा नव्याने आखून दिल्या. स्वर एकही बदलला नाही, वादकांना ऐकू येणारी लयही तीच राहिली, फक्त हात फिरवणे सोपे झाले. पुढे कुसेव्हित्स्कीचा शिष्य लिओनार्ड बर्नस्टाईन यानेही हीच मांडणी वापरली.

हे वाचून मला त्याच्याविषयी अनादर वाटत नाही. जे लवकर वाचता येत नव्हते, ते त्याने तासन्‌तास घासून अंगात मुरवले आणि बोस्टनच्या तंतुवाद्यांना त्याने जी गर्द, लखलखती झळाळी दिली, ती त्या काळच्या ध्वनिमुद्रणांत आजही जाणवते. वादकांशी मात्र तो कठोर होता. रशियन, फ्रेंच, जर्मन आणि मोडके इंग्रजी यांच्या मिश्रणात तालमी चालत, रागाचा पारा चटकन चढे. अमेरिकेतल्या बाकीच्या मोठ्या ऑर्केस्ट्रा संघटित झाल्या तरी बोस्टन १९४२ पर्यंत कामगार संघटनेबाहेर राहिली आणि तोवर वादकाची नोकरी बरीचशी त्याच्या मर्जीवर होती. त्या वादकांच्या भीतीवरही ती झळाळी उभी होती.

१९३०-३१ मध्ये ऑर्केस्ट्राला ५० वर्षे झाली. उत्सव म्हणून त्याने रचना मागवल्या. स्ट्राविन्स्कीने ‘सिंफनी ऑफ साम्स’ दिली, प्रोकोफिएव्हने चौथी सिंफनी, रूसेलने तिसरी, हिंडेमिथने तंतुवाद्ये व पितळी वाद्यांसाठीचे संगीत, कोपलंडने ‘सिंफनिक ओड’. कोणत्याही शहराने आपल्या ऑर्केस्ट्राच्या वाढदिवसाला यापेक्षा मोठा आहेर मिळवलेला मला माहीत नाही. अमेरिकन रचनाकारांना त्याने जे दिले, ते तर वेगळ्या लेखाचा विषय आहे. कोपलंड, रॉय हॅरिस, विल्यम शुमन, वॉल्टर पिस्टन यांची नावे सर्वसामान्य श्रोत्यांपर्यंत नेण्यात या इंग्रजी बोलताना अडखळणाऱ्या रशियन माणसाचा वाटा फार मोठा आहे.

बोस्टनच्या पश्चिमेला बर्कशायरच्या टेकड्यांत टँगलवूड नावाची २१० एकरांची जागा एका कुटुंबाने ऑर्केस्ट्राला दिली. ऑगस्ट १९३७ मध्ये तिथे तंबूत वॅग्नरची मैफल चालू असताना वादळी पाऊस कोसळला. वाद्ये ऐकू येईनात, मैफल थांबवावी लागली. त्याच संध्याकाळी गर्ट्रूड रॉबिन्सन स्मिथ या तिथल्या संगीत उत्सवाच्या धुरीण बाई मंचावर गेल्या आणि पक्क्या छपरासाठी पैसे मागितले. एलिएल सारिनेन या वास्तुरचनाकाराचा आराखडा खर्चाबाहेर जायला लागला. काटछाट करून कंटाळलेल्या सारिनेनने कळवले की एवढ्या पैशांत नुसती शेड होईल आणि ती कुणीही बांधेल. जोसेफ फ्रान्झ या स्थानिक अभियंत्याने ती बांधली. ४ ऑगस्ट १९३८ रोजी बेथोव्हेनच्या नवव्या सिंफनीने तिचे उद्घाटन झाले आणि तिला आजही शेडच म्हणतात, फक्त पुढे कुसेव्हित्स्कीचे नाव लागले आहे.

कुसेव्हित्स्कीला तिथे संगीताची शाळाही हवी होती. १९४० च्या जुलैत ती सुरू झाली. पहिल्याच तुकडीत बर्नस्टाईन होता. कुसेव्हित्स्कीने त्याच्यावर मुलासारखे प्रेम केले आणि एक सल्लाही दिला : ज्यू आडनाव टाक, बर्न्स असे काही लाव, नाहीतर अमेरिकेत पुढे जाणार नाहीस. बर्नस्टाईनने ऐकले नाही. मॉस्कोत राहता यावे म्हणून चौदाव्या वर्षी धर्म बदलावा लागलेल्या माणसाचा हा सल्ला होता. त्यामागची भीती खरी होती आणि न ऐकणाऱ्या शिष्याचे धैर्यही खरे होते. आयुष्यभर प्रत्येक मैफलीआधी बर्नस्टाईन गुरूने दिलेल्या मनगटावरच्या बटणांचे चुंबन घेत असे.

१९४२ मध्ये युद्धामुळे उत्सव रद्द झाला. शाळा बंद करायला कुसेव्हित्स्की तयार नव्हता. खर्चाची सोय त्याने स्वतः केली आणि विद्यार्थ्यांच्याच ऑर्केस्ट्राकडून १४ ऑगस्टला शोस्ताकोविचची लेनिनग्राड सिंफनी बसवून घेतली. आधीच्या महिन्यात कंडक्टर टोस्कानिनीने ती रेडिओवर वाजवली होती, पण अमेरिकेतल्या मैफलीत ती पहिल्यांदा वाजली ती या मुलांकडून.

याच शाळेत १९५८ च्या उन्हाळ्यात क्लॉडिओ अब्बाडोबरोबर मुंबईचे झुबिन मेहता शिकायला होते. कुसेव्हित्स्की जाऊन तेव्हा सात वर्षे झाली होती. योगायोग असा की व्हिएन्नात शिकताना मेहतांनीही डबल बासच हाती घेतला होता. ऑर्केस्ट्राच्या तळाशी उभे राहून वरचे सगळे ऐकण्याची सवय कंडक्टरला किती उपयोगी पडत असेल, याचा विचार या दोन नावांमुळे मनात येतो.

१९४२ च्या जानेवारीत नताली गेली. तिच्या स्मरणार्थ त्याच वर्षी त्याने संगीत प्रतिष्ठान स्थापन केले, ज्याचा एकमेव उद्योग रचनाकारांना काम देणे हा होता. बार्टोकला दिलेले पैसे या प्रतिष्ठानाचे. त्याआधी बेंजामिन ब्रिटन या तरुण इंग्रज रचनाकाराला ऑपेरा लिहायला १००० डॉलर दिले होते. त्यातून ‘पीटर ग्राइम्स’ जन्मली आणि ती नतालीच्या स्मृतीला अर्पण केलेली आहे. फ्रान्समधल्या मेसियाँ या रचनाकाराला त्याने सांगितले की हवी तितकी वाद्ये घे, हवे तितके लांब लिही, कसलीही अट नाही. मेसियाँने शब्दशः तसेच केले : दहा भाग, सव्वा तासाहून मोठी ‘तुरांगालीला’.

गंमत अशी की यातले बरेचसे त्याच्या हातून पहिल्यांदा वाजलेच नाही. ‘सिंफनी ऑफ साम्स’च्या वेळी तो आजारी पडला आणि ब्रुसेल्सला कंडक्टर आन्सेर्मेने ती सहा दिवस आधी वाजवली. ‘पीटर ग्राइम्स’ लंडनला उभी राहिली. टँगलवूडला १९४६ मध्ये तिचा अमेरिकेतला पहिला प्रयोग बर्नस्टाईनने केला. १९४९ मध्ये कुसेव्हित्स्की निवृत्त झाला. आपल्यामागे बर्नस्टाईनला नेमावे ही त्याची इच्छा विश्वस्तांनी मानली नाही, शार्ल म्युंश आला. त्याच डिसेंबरात ‘तुरांगालीला’ बोस्टनमध्ये वाजली, बर्नस्टाईनच्या हातून. ४ जून १९५१ रोजी कुसेव्हित्स्की वारला. टँगलवूडजवळच्या लेनॉक्स गावी नतालीशेजारी त्याला पुरले आहे. वॉशिंग्टनच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसमार्फत त्याचे प्रतिष्ठान अजूनही हयात रचनाकारांना नव्या रचनांसाठी पैसे देते.