चिपचा ठोका, पेशीचा पहारा

संगणकातला मायक्रोप्रोसेसर आणि आपल्या शरीरातली पेशी, दोन्ही चक्रावर चालतात. ठरलेल्या पायऱ्या, ठरलेला क्रम, पुन्हा पुन्हा. पण पुढच्या पायरीवर पाऊल कधी टाकायचं, हे दोघांत अगदी वेगळ्या रीतीनं ठरतं. कर्करोग समजून घ्यायचा असेल तर हा फरक समजून घ्यायलाच हवा.

नोव्हेंबर १९७१ मध्ये इंटेलनं ४००४ हा मायक्रोप्रोसेसर बाजारात आणला. मूळ मागणी बिझिकॉम या जपानी कंपनीची, कॅल्क्युलेटरसाठी. करंगळीच्या नखाहून लहान सिलिकॉनच्या तुकड्यावर सुमारे २,३०० ट्रान्झिस्टर होते आणि सेकंदाला सुमारे ७ लाख ४० हजार ठोक्यांपर्यंत तो चालायचा. आजचा ३ गिगाहर्ट्झचा प्रोसेसर सेकंदाला ३०० कोटी ठोक्यांवर चालतो. एका ठोक्याच्या अवधीत प्रकाशसुद्धा जेमतेम १० सेंटिमीटर पुढे जातो.

मेमरीतून सूचना आणायची, तिचा अर्थ लावायचा, ती पार पाडायची आणि पुढची आणायला निघायचं, हे त्याचं चक्र. त्याला ताल मिळतो क्वार्ट्झ स्फटिकाच्या कंपनांतून. काम संपलं का, हे घड्याळ विचारत नाही. चिप आखतानाच अभियंते सर्वांत लांबच्या वाटेनं जाणाऱ्या संदेशाला किती वेळ लागेल याचा हिशेब करतात आणि दोन ठोक्यांमधलं अंतर त्याहून थोडं जास्त ठेवतात. हौसेपोटी कुणी वेग मर्यादेबाहेर वाढवला, की अर्धवट झालेली बेरीजच पुढे सरकते. उत्तर चुकतं किंवा मशीन हँग होतं.

थांबायला शिकलेली पेशी

पेशीचं चक्र चार टप्प्यांचं. जी-१ मध्ये पेशी वाढते, एसमध्ये डीएनएची प्रत तयार होते, जी-२ मध्ये विभाजनाची तयारी होते आणि एममध्ये प्रत्यक्ष विभाजन. प्रयोगशाळेत वाढवलेल्या माणसाच्या पेशीला ही फेरी पुरी करायला साधारण २४ तास लागतात. त्यातल्या आठएक तासांत डीएनएच्या सुमारे ६०० कोटी अक्षरांची नक्कल होते.

हे चक्र पुढे ढकलणारं प्रथिन १९८२ मध्ये टिम हंट यांना अमेरिकेतल्या वुड्स होल इथं सापडलं. सी अर्चिन या काटेरी सागरी प्राण्याच्या फलित अंड्यांत नव्यानं तयार होणारी प्रथिनं ते ठरावीक मिनिटांनी तपासत होते. चाचणीत दिसणारे बाकीच्या प्रथिनांचे पट्टे गडद होत गेले. एक पट्टा मात्र गडद होई, पेशी दुभंगायच्या सुमारास नाहीसा होई आणि पुन्हा उमटे. हेच सायक्लिन. ते पुरेसं साठलं की सीडीके हे एन्झाइम जागं होतं आणि विभाजन सुरू होतं. पॉल नर्स यांच्या प्रयोगशाळेनं १९८७ मध्ये या एन्झाइमचं माणसातलं जनुक यीस्टमध्ये घातलं. स्वतःचं जनुक बिघडल्यामुळे अडलेलं यीस्ट त्याच्या जोरावर पुन्हा विभागू लागलं.

इथपर्यंत पेशीतही घड्याळच दिसतं. बेडकाच्या कोवळ्या भ्रूणात ते तसं चालतंही: पहिली डझनभर विभाजनं साधारण अर्ध्या-अर्ध्या तासानं, न थांबता. एरवी मात्र पेशी खात्री करून घेतल्याशिवाय पुढे सरकत नाही.

लेलँड हार्टवेल आणि टेड वाइनर्ट यांनी १९८८ मध्ये हे स्वच्छ दाखवून दिलं. क्ष-किरणांनी डीएनए तुटलं की यीस्टची पेशी विभाजन रोखून धरते, दुरुस्ती उरकते, मगच पुढे जाते. आरएडी-९ हे जनुक बिघडलेल्या पेशी तुटक्या डीएनएसह विभागल्या आणि मेल्या. मग अशाच पेशींना एका रसायनानं मुद्दाम अडवून धरलं, तेव्हा त्यातल्या कितीतरी वाचल्या. दुरुस्ती त्यांना येत होती. थांबणं येत नव्हतं.

विभाजनाच्या ऐन क्षणीही असाच पहारा असतो. माणसाच्या ४६ गुणसूत्रांपैकी एक जरी त्यांना ओढून वेगळं करणाऱ्या धाग्यांना नीट जोडलं गेलं नसेल, तरी बाकीची ४५ खोळंबतात. पेशीच्या चक्रावरच्या संशोधनासाठी हार्टवेल, हंट आणि नर्स यांना २००१ चं नोबेल मिळालं.

चिपलाही असं चालवता येतं. मँचेस्टर विद्यापीठात स्टीव्ह फर्बर यांच्या गटानं १९९० च्या दशकात सामाईक घड्याळ नसलेले ॲम्युलेट प्रोसेसर बनवले. एका भागानं काम झाल्याचा संकेत दिला, की दुसरा काम उचले. पण आखणी आणि चाचणी घड्याळवाल्या चिपची सोपी, म्हणून बाजार तिचाच राहिला. पेशीला मात्र नुसत्या घड्याळावर चालण्याची मुभा नाही. ऊन, घातक रसायनं, नकलेतल्या चुका यांनी तिचं डीएनए रोज बिघडतं आणि दुरुस्तीला किती वेळ लागेल हे आधी ठरवता येत नाही.

हा पहारा उठला की कर्करोगाला वाट मिळते. डीएनए बिघडल्यावर चक्र थांबवणाऱ्या पी-५३ प्रथिनाचं जनुक माणसाच्या जवळपास निम्म्या कर्करोगांत बिघडलेलं आढळतं. म्हणून कर्करोग म्हणजे नुसती वेगानं वाढणारी पेशी, ही समजूत अपुरी आहे. आतड्याच्या अस्तरातल्या निरोगी पेशीही भराभर विभागतात, पण त्या वेळ आली की थांबतात. हा थांबा काही प्रमाणात औषधानं परत आणता येतो. सीडीके-४ आणि सीडीके-६ यांना अडवणारं पाल्बोसायक्लिब २०१५ मध्ये अमेरिकेत मंजूर झालं आणि आज स्तनाच्या कर्करोगाच्या काही प्रकारांत ते वापरलं जातं. त्याची मुळं यीस्टवरच्या आणि सी अर्चिनच्या अंड्यांवरच्या त्या प्रयोगांत आहेत.